दुपारची सोलार वीज हवेत साठवून संध्याकाळी वापरता येईल का? (जरा लांबलंय, चहा घेऊन बसा)

प्रश्न आधी थोडक्यात सांगतो, म्हणजे नंतर वाचणाऱ्यालाही संदर्भ लागेल. वाळूजला एका भावाचं फॅब्रिकेशन आणि पावडर कोटिंगचं शेड आहे, छतावर २० किलोवॉट सोलार टाकलंय, दुपारी वीज उरते आणि संध्याकाळी मीटरवर महाग पडते. १० एचपीचा पिस्टन कॉम्प्रेसर आणि ५०० लिटरची टाकी आहेच. त्यांनी कुठंतरी व्हिडिओ बघितला की दुपारी हवा दाबून ठेवायची आणि संध्याकाळी त्याच हवेवर जनरेटर फिरवायचा, बॅटरीची कटकटच नाही. तर जुन्या टाक्या आणि गॅस सिलिंडर एकमेकांना जोडून हे शेडमध्ये जमेल का, आणि पैठण तालुक्यात गावाकडं एक कोरडी पडलेली विहीर आहे, तिच्यावर स्लॅब टाकून हवा भरली तर कसं, असं विचारलंय. वर टोमणा, की चीनवाले करायलेत मग आपल्या मराठवाड्यातच का नाही.

मी २६ वर्षं कॉम्प्रेसरच्या सर्व्हिसिंगमध्ये आहे, चिकलठाणा, वाळूज, शेंद्रा, जालन्याच्या रोलिंग मिला, बीडकडच्या जिनिंग, सगळीकडं हात काळे केलेत. त्यामुळं सरळ सांगतो, शेडमध्ये नाही, विहिरीत तर अजिबातच नाही, आणि मराठवाड्यात मोठ्या प्रमाणावर करायचं तर खाली जो दगड आहे तो आडवा येतो. पण आयडिया येडपट नाहीये, जगात ४५ वर्षांहून जास्त काळ चालू आहे, फक्त त्या व्हिडिओत सांगतात तशी चालत नाही.

आणि मी हे नुसतं पुस्तकातून सांगत नाहीये, हा उद्योग मी स्वतः करून बसलोय. लोडशेडिंगच्या काळात, जेव्हा आपल्याकडं बारा-बारा तास लाइट नसायची, तेव्हा मी चिकलठाण्याच्या एका शेडमध्ये अशीच एक ५०० लिटरची टाकी सात केजीपर्यंत भरली (केजी म्हणजे हवेचं वजन नाही, दाब, दर चौरस सेंटीमीटरला किलो), एका भंगारातल्या एअर मोटरला, म्हणजे दाबाच्या हवेवर फिरणाऱ्या मोटरला, पट्टा लावून जीपचा अल्टरनेटर जोडला आणि त्याला हेडलाइटचे दोन बल्ब. मे महिना, पत्र्याखाली बेचाळीस-त्रेचाळीस डिग्री. कॉक उघडला, बल्ब लागले, पोरांनी टाळ्या वाजवल्या. पहिल्या मिनिटाला झकास उजेड, तिसऱ्या मिनिटाला पिवळा, पाचव्या मिनिटाच्या आत खेळ खलास. पण माझ्या डोक्यात बल्ब राहिले नाहीत, राहिलं ते एअर मोटरचं सायलेन्सर. त्याच्यावर पांढरा बर्फ साचला होता, नखानं खरवडून पोरांनी एकमेकांच्या मानेवर लावला. भर मे महिन्यात, छत्रपती संभाजीनगरात! माझा एक जुना मिस्त्री म्हणला, साहेब लाइट जाऊ द्या, कुल्फीचा धंदा टाका.

सगळी गोम त्या बर्फात आहे. हवा दाबली की तापते. तुमच्या पिस्टन कॉम्प्रेसरच्या डिलिव्हरी पाइपाला ज्याचा चुकून हात लागलाय त्याला हे वेगळं सांगायची गरज नाही. ४० डिग्रीची हवा एका दमात सात केजीपर्यंत दाबली आणि उष्णता कुठंच जाऊ दिली नाही तर गणितानं ती २९० डिग्रीच्या आसपास जाते. प्रत्यक्षात आपण ती जाऊ देतो, पंखा मारतो, फिन्स असतात, स्क्रू कॉम्प्रेसरमध्ये तेल फिरवून ८०-९० वर धरतो, आणि टाकीत पडून हवा परत शेडच्या तापमानाला येते. म्हणजे झालं काय, तर तुम्ही मोटरला जी वीज दिली ती जवळपास सगळीच्या सगळी उष्णता होऊन शेडमध्ये उडून गेली! टाकीत काय उरलं, तर हवेची फुगायची ताकद. आणि ही ताकद वापरायची म्हणलं की फुगताना ती आजूबाजूकडून उष्णता परत मागते, तुम्ही दिली नाही तर स्वतःच गार पडते, गार पडली की आकसते, जोर कमी, वर त्यातलं पाणी गोठून मोटरचं तोंड बुजतं. ४० डिग्रीची तीच हवा उष्णता न देता पूर्ण फुगवली तर कागदावर उणे १०० पर्यंत जाते. आमचा बर्फ तिथून आला.

आता आकडे. १००० लिटरच्या टाकीत सात केजी हवा असेल तर त्यातून अगदी आदर्श, देवाच्या मशीननं काढली तरी सुमारे ०.२७ युनिट निघते. पाव युनिटच्या जरा वर, बस. तुमच्या ५०० लिटरच्या टाकीत त्याच्या निम्मी. घरगुती गॅसच्या सिलिंडरचं आतलं माप साधारण ३३ लिटर असतं, त्यात सात केजी हवा म्हणजे ९ वॉट-तास, एक नऊ वॉटचा एलईडी एक तास, तोही आदर्श गणितानं. आणि घरच्या इन्व्हर्टरची १५० एएचची बॅटरी आहे ना, जिच्यात आपण महिन्या-दोन महिन्याला पाणी टाकायचं विसरतो, तिच्यात कागदावर १.८ युनिट असते. तेवढी हवेत ठेवायची तर आदर्श हिशोबानं पावणेसात हजार लिटर आणि खऱ्या मशीनचा तोटा धरला तर जवळपास तीन मोठे पाण्याचे टँकर भरतील एवढी टाकी लागते, फिरून बघायला पण जागा लागेल. एका बॅटरीसाठी तीन टँकर, एवढं लक्षात ठेवलं तरी पुरे.

बरं ही हवा भरायला खर्च किती. तुमचा १० एचपीवाला मिनिटाला साधारण एक-सव्वा घनमीटर हवा ओढत असेल, म्हणजे एका घनमीटरला ढोबळ ०.११ युनिट. १००० लिटरची टाकी शून्यापासून सातपर्यंत भरायला सात घनमीटर, सुरुवातीला दाब कमी असतो म्हणून जरा स्वस्त पडतं, तरी अर्ध्या युनिटच्या वरच जाणार. परत निघणार किती? एअर मोटर आणि अल्टरनेटर दोघांचा तोटा धरला तर ०.०५-०.०६. म्हणजे रुपया टाका, दहा पैसे घ्या. आमच्या धंद्यात जुनं वाक्य आहे की एक एचपीची एअर मोटर चालवायला मागं सात-आठ एचपीचा कॉम्प्रेसर पाहिजे, ते उगंच नाही. लिथियमची बॅटरी शंभरातले ८५-९० परत देते, घाटघरसारखा पाणी वर चढवून खाली सोडणारा प्रकल्प ७५-८० च्या आसपास.

मग व्हिडिओत कसं चालतं? अहो, चालतंच की, माझंही पाच मिनिटं चाललं होतं. व्हिडिओ तेवढाच असतो.

सिलिंडर जोडायचा विषय निघालाच आहे तर जरा कडक बोलतो, राग मानू नका. गॅसचे सिलिंडर हवेसाठी वापरायचे नाहीत, कायद्यानं पण नाही आणि अकलेनं पण नाही. एक तर आत गॅसचा वास, तेल राहिलेलं असतं, त्यात दाबाची हवा म्हणजे स्फोटाला आमंत्रण. दुसरं म्हणजे पाणी. दाबलेल्या हवेतून पाणी सुटतं, पावसाळ्यात तर बदाबदा, आणि ज्या टाकीला खाली ड्रेन नाही ती तळातून गंजत जाते, वरून रंग टकाटक. मी एका कारखान्यात टाकीच्या बुडाला हातोडी मारली तर आवाज टण्ण यायच्या ऐवजी पत्र्यासारखा आला, हातोडीच्या दुसऱ्या टोल्याला मीच थांबलो, हवा सोडायला लावली आणि कापून बघितलं तर बोटभर जागेत कागदाएवढी जाडी उरली होती. ड्रेन कॉक तीन वर्षं कुणी उघडला नव्हता कारण तो टाकीच्या मागं भिंतीकडं होता. पाणी फुटलं तर सांडतं, हवा फुटली तर बॉम्ब असतो, म्हणून तर टाकीची हायड्रो टेस्ट पाण्यानं करतात, हवेनं नाही. सेफ्टी व्हॉल्व्हची कडी महिन्यातून एकदा ओढून बघा, बहुतेकांची गंजून बसलेली असते.

विहिरीचं गणित तर अजून मजेशीर आहे. समजा विहीर २० फूट व्यासाची, वर स्लॅब टाकला, आत सात केजी हवा भरली. सात केजी म्हणजे दर चौरस मीटरला सत्तर टन. विहिरीचं तोंड साधारण २९ चौरस मीटर. म्हणजे तुमच्या स्लॅबला खालून जवळपास २००० टनांचा रेटा! उसानं भरलेला ट्रक २५ टनांचा धरला तर स्लॅब खाली राहायला वर ८० ट्रक उभे करावे लागतील, गाळप हंगामात कारखान्याच्या यार्डात असतात तेवढे. आणि एवढं करून हवा राहणार आहे का, तर नाही. तुमच्या गावात बोअर मारताना बघितलंय ना, गाडीचा कॉम्प्रेसर चालू झाला की कधी कधी शेजारच्या बोअरमधून नाहीतर विहिरीच्या कपारीतून हवा आणि धूळ उडते, मग दोन शेतकऱ्यांची भांडणं की माझं पाणी तोडलं म्हणून. आपला दगडच तसा आहे. काळा पाषाण दिसायला अभेद्य, पण थरावर थर आहेत, मधे मांजऱ्या (भोकाभोकांचा दगड), मधे लाल गेरूचा पट्टा, उभ्या-आडव्या फटी. त्याच फटींमुळं तर विहिरीला पाणी लागतं. पाणी आत येतं त्याच वाटेनं हवा बाहेर जाणार.

इथं मला हमखास कुणीतरी विचारतं की वेरूळचं कैलास लेणं याच दगडात कोरलं ना, एवढ्या मोठ्या पोकळ्या करता येतात मग हवा का नाही भरता येत. करता येतात की, पोकळी करणं हा प्रश्नच नाही, पण पावसाळ्यात लेण्यांमध्ये जाऊन बघा, छतातून पाणी ठिबकत असतं. पाणी ठिबकतं तिथून मोठ्या प्लँटातली ७० बारची हवा काय करेल (एक बार म्हणजे जवळपास एक केजी).

आता मोठ्या प्लँटांकडं येतो, कारण तुमच्या टोमण्याचं उत्तर तिथं आहे आणि मला स्वतःला हा भाग लय आवडतो. पहिला प्लँट जर्मनीत हुंटॉर्फला, १९७८ साली, २९० मेगावॉटचा, नंतर वाढवून ३२१ केला. त्याची युक्ती समजून घ्या. साध्या गॅस टर्बाइनमध्ये टर्बाइन जेवढी ताकद काढते त्यातली दोन तृतीयांश तिचा स्वतःचाच कॉम्प्रेसर खाऊन टाकतो. यांनी काय केलं, दोघांची फारकत करून टाकली. रात्री वीज स्वस्त असते तेव्हा आठ तास ६० मेगावॉटनं फक्त कॉम्प्रेसर चालवायचा, हवा जमिनीखाली भरायची, आणि गर्दीच्या वेळी दोन तास ती हवा सोडून त्यात गॅस जाळून टर्बाइन फिरवायची, आता कॉम्प्रेसरला ताकद द्यायची नाही म्हणून तेवढ्याच गॅसमध्ये कितीतरी जास्त वीज. गॅस का जाळायचा? तोच आमचा बर्फ. दाबताना निघालेली उष्णता यांनी हवेत सोडून दिली, मग परत फुगवताना कुठून तरी उष्णता आणायलाच लागते. त्यामुळं कार्यक्षमता ४२ टक्क्यांच्या आसपास. दुसरा अमेरिकेत अलाबामामधल्या मॅकिंटॉशला, १९९१, ११० मेगावॉट पण २६ तास चालेल एवढा साठा, त्यांनी धुराड्यातून जाणाऱ्या उष्णतेवर आत येणारी हवा तापवली, आकडा ५४ वर गेला. म्हणजे फरक कशानं पडला, तर उष्णता किती वाचवली त्यानं.

चिनी लोकांनी पुढची पायरी गाठली, उष्णता फेकायचीच नाही. हवा दाबताना तापते ती उष्णता पाण्यात नाहीतर तेलात काढून वेगळ्या इन्सुलेटेड टाक्यांमध्ये ठेवायची, गार हवा जमिनीखाली, आणि संध्याकाळी दोघांची परत भेट घालून द्यायची. गॅस जाळायचा नाही. जिंतानला ६० मेगावॉटचा २०२२ मध्ये, मग २०२४ मध्ये यिंगचेंग आणि फेइचेंगला ३००-३०० मेगावॉटचे. फेइचेंगला ते ७२ टक्क्यांचा आकडा सांगतात, सलग सहा तास पूर्ण लोडवर. हे आकडे बघून मला हेवा वाटतो हे कबूल करतो.

पण या सगळ्यांत एक गोष्ट सारखी आहे, हुंटॉर्फ घ्या, मॅकिंटॉश घ्या, चीनचे हे तिन्ही घ्या, सगळ्यांच्या खाली मिठाचा थर. जमिनीखाली शेकडो मीटरवर जाड मीठ असतं, त्यात बोअर मारून पाणी सोडायचं, मीठ विरघळवून खारं पाणी उपसायचं, आत पोकळी तयार. मीठ दाबाखाली हळूहळू वाहतं त्यामुळं बारीक फटी आपोआप बुजतात, हवा गळत नाही. हुंटॉर्फच्या दोन पोकळ्या मिळून ३ लाख १० हजार घनमीटर, ४३ ते ७० बारच्या मधे खेळवतात. आपल्या भाषेत २५-२६ हजार मोठे टँकर. एवढी स्टीलची टाकी कुणी बनवत नाही, परवडणारच नाही, निसर्गानं फुकट दिलेलं भांडं आहे म्हणून ते गणित बसतं.

आपल्याकडं मीठ कुठं? राजस्थानच्या पश्चिम-उत्तर पट्ट्यात जमिनीखाली आहे, हिमाचलात मंडीकडं आहे. मराठवाड्यात बेसॉल्ट. एकानं मला लोणार सुचवलं होतं, पाणी खारट आहे म्हणून! लोणार बेसॉल्टमधलाच खड्डा आहे, पाणी खारं असणं वेगळं आणि खाली मिठाचा थर असणं वेगळं. आणि समजा असता थर, तर एक घनमीटर मीठ विरघळवायला सात-आठ घनमीटर पाणी लागतं. २०१५ ला पाणी नाही म्हणून परळीचं थर्मल बंद ठेवलं, २०१६ ला लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणलं, आपण मीठ धुवायला पाणी कुठून आणणार होतो.

कठीण दगडातला मार्ग आहे, तो लपवत नाही. कॅनडातल्या एका कंपनीनं ओंटारिओमध्ये गोडरिचला २०१९ मध्ये पावणेदोन मेगावॉटचा छोटा प्लँट केला, त्यांची कठीण दगडासाठीची पद्धत अशी की खोल पोकळीत हवा आणि वर तलावातून पाण्याचा खांब, हवा भरली की पाणी वर चढतं, हवा काढली की पाणी खाली येऊन दाब तोच ठेवतं. दहा मीटर पाण्याला एक बार, म्हणजे ६० बारला ६०० मीटर खोल खाणकाम. ऑस्ट्रेलियात ब्रोकन हिलला २०० मेगावॉटचा त्यांचा बेत आहे. आपल्या बेसॉल्टमध्ये करायचं तर आतून अस्तर लावावं लागेल, आणि एवढा खर्च करायचाच तर माझं मत विचाराल तर डोंगराची उंची आणि पाणी आहे तिथं घाटघरसारखं करावं, ते आपल्या लोकांना चालवता येतं. पण आठ-दहा तासांच्या साठ्याला, जिथं ना डोंगर ना नदी, तिथं हवेला पुढंमागं जागा आहे असं मला वाटतं. धाराशिव-बीडकडच्या पवनचक्क्या आणि गावोगाव होणारे सोलार बघता दुपारच्या विजेचं करायचं काय हा प्रश्न येणारच आहे.

आता तुमच्या शेडचं. तुमच्याकडं साठवायला हवाच आहे, फक्त तिची परत वीज करायला जाऊ नका. पावडरची गन, ब्लास्टिंग, एअर ग्राइंडर यांना हवाच लागते ना? मग तेवढं काम सोलारच्या वेळेत ओढा. मोठी टाकी घेऊन दुपारची हवा संध्याकाळी वापरू म्हणाल तर तेही फार पुढं जात नाही. मिनिटाला अर्धा घनमीटर, दोन तास, म्हणजे ६० घनमीटर. टाकी दहा केजीपासून सहापर्यंत उतरू दिली तर १५ हजार लिटरची टाकी, आणि सातच्या ऐवजी दहापर्यंत दाबायचं म्हणजे वरच्या प्रत्येक केजीला सहा-सात टक्के जास्त वीज. त्यापेक्षा ब्लास्टिंग सकाळी दहा ते चार, आणि संध्याकाळी असेंब्ली, पॅकिंग, मापं घेणं. पोरं कुरकुर करतील चार दिवस.

कॉम्प्रेसरचं कटऑफ, म्हणजे किती दाबाला तो आपोआप थांबतो, ते किती ठेवलंय बघा, बहुतेकांचं साडेसात-आठ असतं कारण कधीतरी कुणीतरी वाढवलेलं असतं, गनला एवढं लागत नाही. हवा पत्र्याखालून न ओढता बाहेर उत्तरेच्या सावलीतून ओढा, दर चार डिग्रीला एक टक्का वाचतो. आणि तुमच्याकडं सेव्हन टँक (पावडरच्या आधी जॉब धुवायच्या सात टाक्या) असेल तर धुतलेला जॉब पावडरच्या आधी वाळवायला गरम हवा लागतेच, कॉम्प्रेसरच्या मागची गरम हवा एक पत्र्याचं डक्ट करून तिकडं न्या. फेइचेंगवाले उष्णता टाकीत ठेवतात, तुम्ही जॉबवर टाका. मात्र उन्हाळ्यात डक्टमुळं कॉम्प्रेसरचा श्वास कोंडू देऊ नका, वाट मोठी ठेवा. संध्याकाळी लाइट, पंखे, कॉम्प्युटर यासाठी लिथियम फॉस्फेटची बॅटरी घ्या, पाच-दहा युनिटची, तिथं हवेचा नाद नको.

पण बॅटरीच्या आधी गळती. तीन मिलीमीटरचं एक भोक सात केजीला जवळपास तीन किलोवॉट खातं. दिवसाला दहा तास लाइन भरलेली असेल तर ३० युनिट, तुमच्या बिलातल्या दरानं गुणून बघा, आणि हे भोक एकच नसतं, पीयूचा पाइप, कपलर, एफआरएलचा (हवेचा फिल्टर-रेग्युलेटर) बाउल, बॉल व्हॉल्व्हचं ग्लँड, सगळीकडून सू सू चालू असतं आणि ग्राइंडरच्या आवाजात कुणाला ऐकू येत नाही.

तर येत्या रविवारी शेड बंद असताना एवढं करा. सगळ्या गन, मशीनी बंद, पण लाइनचे व्हॉल्व्ह उघडे. टाकी सातपर्यंत भरून कॉम्प्रेसर बंद करा आणि मोबाइलवर घड्याळ लावून काटा सातवरून सहावर यायला किती वेळ लागतो ते बघा. ५०० लिटरची टाकी आहे, म्हणजे एका केजीला ५०० लिटर हवा गेली. दोन मिनिटांत उतरला तर मिनिटाला २५० लिटर, तुमच्या कॉम्प्रेसरची जवळपास पाव ताकद. अर्धा तास टिकला तर तुमच्या फिटरला माझ्याकडून चहा. जो आकडा येईल तो इथंच टाका, सोबत टाकीच्या नेमप्लेटचा फोटो आणि ड्रेन कॉकमधून शेवटचं पाणी कधी काढलं ते पण.